लाटेसाठी थांबलेली हाक

या, असे जवळ सरकून बसा. मागच्यांनी पुढं यावं, पुढच्यांनी जरा पाय आवरून घ्यावेत, म्हणजे सगळ्यांना ऐकू येईल. आज एक गोष्ट सांगायची आहे, एका हाकेची. माणसाचा गळा बंद झाला तर त्यातली हाक जाते कुठं, आणि कुणाच्या तोंडी येऊन बसते, त्याची. ऐकताना डोळे भरले तर पुसावेत, हसू आलं तर मोठ्यानं हसावं. देवानं दोन्हींसाठी एकच चेहरा दिला आहे, त्याला आपण काय करणार?

तर माहितीपट करणारी एक बाई होती. समुद्राकाठची माणसं, त्यांच्या होड्या, त्यांची जाळी, त्यांची गाणी हा तिचा विषय. चित्रपट ती स्वतःच काढायची आणि कापायचीही स्वतःच. कापण्यात तिचा हात असा होता की धंद्यातल्या लोकांनी तिचं नावच पाडलं होतं, कात्री. संगणकाच्या पडद्यावर आवाजाची रेघ नागमोडी चाललेली असते. माणूस बोलायचं थांबला की ती सपाट होते. अशी सपाट रेघ दिसली की कात्रीची बोटं शिवशिवायला लागायची. खच्च! गेली. माणूस अडखळला, खच्च. खोकला, खच्च. विचार करायला आकाशाकडं बघत बसला, खच्च खच्च. तिच्या चित्रपटात तोतरासुद्धा फर्डा वक्ता व्हायचा. कॅमेरा धरणारा तिचा जुना सोबती, त्याला सगळे दाढी म्हणत, तो म्हणायचा, "बये, तुझ्या हातात पडला तर ध्यानाला बसलेला साधूसुद्धा उठून पळायला लागेल."

"पळू दे की," कात्री म्हणायची. "बसलेला कोण बघतंय?"

याच कात्रीचा एक मामा होता. सख्खा, आईच्या पाठचा. अख्खी वस्ती त्याला भोंगा म्हणायची, आणि त्याला त्याचा अभिमान होता. त्या वस्तीचा किनारा म्हणजे उभा चढ, गोट्यागोट्यांचा. मासेमारीहून परतलेली होडी पाण्यात ठेवली तर भरतीला आपटून फुटणार, म्हणून ती दोरानं ओढून वर घ्यायची. ओढायचं यंत्र होतं, नव्हतं असं नाही. पण खारा वारा त्याला इतका खायचा की ते चाललेल्या दिवसांपेक्षा दुरुस्तीला उघडून ठेवलेले दिवस जास्त. म्हणून शेवटी माणसंच. दोन दोर, दोन रांगा, खाली ओंडके, आणि होडीच्या नाकापाशी, रांगांकडं पाठ करून, समुद्राकडं तोंड करून उभा भोंगा मामा. तो एक ओळ सोडायचा:

"दमली लेक, आली घरी..."

मग त्यानं "घ्या" म्हणताच दोन्ही रांगा एका दमात ओढायच्या, "घ्या वरी!"

"पाय ओले, पदर ओला..."

"घ्या वरी!"

"देवाहाती दोर दिला..."

"घ्या वरी!"

होडी म्हणजे लेक. दमूनभागून माहेरी आलेली. ओढणाऱ्यांच्या माना खाली, पाय गोट्यांत रुतलेले, घाम डोळ्यांत. त्यांना काहीच दिसत नसतं. त्यांचं सगळं काम कानांवर.

अशा या मामाच्या गळ्यात गाठ निघाली.

कात्री धावत गेली, तेव्हा मामा स्वयंपाकघरात खुर्चीवर उलटा बसून मामीला म्हणत होता, "डॉक्टर म्हणाला, जीव राहील. आवाजाचं मात्र सांगता येत नाही."

"बरं झालं," मामी भांडी आपटत म्हणाली. तिचे डोळे लाल होते, पण तोंड नेहमीचंच. "लग्नापासून या घरात एकच माणूस बोलतोय. आता माझी पाळी."

"बघ कात्रे, वाटच बघत होती." मामा हसला, हसता हसता खोकला, आणि खोकून झाल्यावर हळूच म्हणाला, "तू लोकांचे आवाज भरून ठेवतेस ना? माझा भर. ऑपरेशन झाल्यावर होड्या काय माझं तोंड बघून वर येणार आहेत? माझी हाक कर्ण्यावर लावा, आणि ओढा म्हणावं. माणसाचा गळा गेला तर गेला. हाक जायला नको."

"का रे? दुसरं कुणी नाही?"

"ओळी कुणाला पाठ आहेत? जो तो आयुष्यभर 'घ्या वरी' करत आला."

हे खरं होतं. मामाची मुलगी, घरातली धाकटी, ती किनाऱ्यावरच होड्यांची इंजिनं दुरुस्त करायची. धडधडत्या इंजिनावरून ओरडून ओरडून तिचा गळा असा तयार झाला होता की पलीकडच्या खडकावरचे पक्षी उडायचे. पण तिलाही ओळी येत नव्हत्या. पाठ करायच्या नेमक्या वेळी ती दोर ओढत असायची. शिवाय विचारलं की म्हणायची, "बाबांचा आवाज असताना माझं बोंबलणं कशाला?"

कात्रीनं मामाचा हात हातात घेतला. "मामा, असा भरते तुझा आवाज, की ऐकून तूच फसशील. शब्द दिला."

तिचा शब्द म्हणजे पोकळ नव्हता. किनाऱ्यावरच्या माणसांवर चित्रपट करायचं काम एका चॅनेलकडून तिच्याकडं आलेलंच होतं. सुकाणू घडवणारे सुतार, जाळी विणणाऱ्या बायका, सगळं ठरलेलं होतं. त्या सगळ्याच्या मधोमध तिनं मामाची हाक ठेवली. मामाच्या कॉलरला तिनं स्वतः बारीक माइक लावला. दाढीनं मामाचा चेहरा असा जवळून धरला की कपाळावरची प्रत्येक सुरकुती मोजून घ्यावी. ध्वनिमुद्रण करणाऱ्या पोरीनं दुसरा माइक पाण्याजवळ रोवला. "लाटांचा आवाज असू दे ताई, एखाद्या दृश्याखाली पसरायला होतो," ती म्हणाली. मामा गळ्यातल्या गाठीला न जुमानता असा गायला की होडी वर आल्यावर ओढणाऱ्यांनी दोर टाकून त्यालाच खांद्यावर घेतलं.

मग मामा दवाखान्यात गेला, आणि कात्री तिच्या खोलीत.

तिची खोली म्हणजे खिडक्यांना काळे पडदे, भिंतींना स्पंज, टेबलावर दोन पडदे आणि थंड झालेला चहा. ती हाक घेऊन बसली. मामाचा आवाज म्हणजे सोनं! पण प्रत्येक ओळीनंतर मामा थांबत होता. कधी थोडा, कधी बराच, कधी इतका की प्रेक्षकाला वाटावं, चित्रपट अडकला की काय. सपाट रेघ. नुसती सपाट रेघ. कात्रीला वाटलं, बिचाऱ्याला गाठीमुळं दम लागतोय. जगाला मामाचा थकवा कशाला दाखवायचा? तिनं मायेनं कात्री चालवली. खच्च, खच्च. ओळीला लागून "घ्या वरी", त्याला लागून पुढची ओळ. खाली ढोल घातले. हाक अशी धावायला लागली की बसल्या जागी पाय ताल धरावेत.

चॅनेलच्या मोठ्या बाईंनी तो तुकडा पाहिला आणि म्हणाल्या, "अंगावर काटा आला."

"येणारच," कात्री म्हणाली.

पहिला खेळ तिनं वस्तीतच ठेवला. जाळी ठेवायच्या मोठ्या खोलीत, दुपारी, खिडक्यांवर ताडपत्र्या टाकून. पडदा म्हणून मामीनं धुतलेली चादर. मामा दवाखान्यातून घरी आला होता. जीव राहिला होता, देवाची कृपा. आवाज मात्र गेला होता, कुजबुजीपुरतासुद्धा उरला नव्हता. गळ्याभोवती मऊ रुमाल बांधून तो पहिल्या रांगेत कात्रीशेजारी बसला. सुतार दिसले, लोकांनी टाळ्या वाजवल्या. जाळी विणणाऱ्या दिसल्या, त्या एकमेकींना कोपरानं ढोसून हसल्या. मग चादरीवर मामाचा चेहरा आला.

"दमली लेक, आली घरी..."

मामीनं पदर तोंडाला लावला. मामानं आपला तळवा कात्रीच्या गुडघ्यावर ठेवला. कात्रीला वाटलं, शाबासकी.

पण तळवा दाबत होता. ओळ संपली की तळवा दाबायचा. थांब. तोवर चादरीवरच्या रांगा "घ्या वरी!" करून मोकळ्या. पुढची ओळ, पुन्हा तळवा. थांब, अगं थांब. कात्रीनं अंधारात मान वळवून मागं पाहिलं. बाकांवर बसलेल्या सगळ्या ओढणाऱ्यांचे खांदे हलत होते, आपोआप, सवयीनं. आणि सगळेच्या सगळे चुकत होते. चादरीवरची माणसं ओढून झाली की यांचे खांदे मागं यायचे. वरातीत बँड एका गल्लीत आणि नवरदेव दुसऱ्या गल्लीत, तशी गत.

दिवे लागले. टाळ्या झाल्या, मनापासून झाल्या, पण टाळ्या वाजवणारे एकमेकांकडं बघत होते. खरं बोलली ती मामी.

"छान आहे गं बाई. पण या हाकेवर होडी ओढली ना, तर निम्म्यांच्या पायावर येईल आणि उरलेल्यांच्या डोक्यावर."

"मामी, मी फक्त रिकाम्या जागा काढल्या," कात्री म्हणाली.

"कुठल्या रिकाम्या?" धाकटीनं विचारलं. "ओळीनंतर बाबा थांबायचे, त्या?"

"दम लागत होता ना त्याला?"

यावर मामा हसला. आवाज नाही, नुसते खांदे गदगदले, डोळ्यांत पाणी आलं. त्यानं कात्रीचा हात धरला आणि तिला उठवून चढ उतरून पाण्यापर्यंत नेलं. एक होडी नुकतीच काठाशी आली होती. नाक गोट्यांवर टेकलेलं, मागचा भाग पाण्यात. मामानं तिचा पंजा आपल्या दोन्ही पंज्यांत घेतला आणि समुद्राकडं बघत उभा राहिला. एक लाट आली, गेली. मामानं काही केलं नाही. दुसरी आली, लहान होती. काही नाही. मग एक पोटभर लाट होडीखाली शिरली, होडीचं मागचं अंग अलगद उचललं गेलं, पोरीला कडेवर घेताना उचलावं तसं, आणि त्याच क्षणी मामानं तिचा हात दाबला. आत्ता!

कात्रीच्या डोक्यात लख्ख उजेड पडला.

"तू लाटेसाठी थांबायचास," ती म्हणाली. "लाट होडी हलकी करायची, आणि तेवढ्यात हे ओढायचे."

मामानं मान डोलावली. मग दोन बोटांची कात्री करून त्यानं समोरच्या अख्ख्या समुद्रावर फिरवली. खच्च खच्च. आणि कात्रीच्या डोक्यावर एक टपली मारली.

"अगं बाई गं!" कात्री कपाळाला हात लावून हसायला लागली. "मी समुद्रच कापला की रे मामा!"

तिच्या जागी दुसरी कुणी असती तर तोंड पाडून बसली असती. कात्री तशी नव्हती. कापलेलं जोडता येतं, हे तिच्याइतकं कुणाला ठाऊक? तिनं मामाच्याच घरात, जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप उघडला. मूळ सगळं जपून ठेवलेलं होतं. तिनं ढोल काढून टाकले. एकेक ओळ घेतली, तिच्यापुढं मामाचं थांबणं परत ठेवलं, आणि त्या थांबण्याखाली पाण्याजवळच्या माइकमधला आवाज पसरला. आणि काय सांगू, त्या सपाट रेघेत सगळं भरलेलं होतं! लाट येत होती, गोट्यांवरून खळखळत होती, होडीच्या तळाखाली शिरताना तिचा आवाज बदलत होता, घोगरा होत होता, आणि मग "घ्या वरी!" बरोबर त्या घोगऱ्या आवाजावर. प्रत्येक ओळ तिनं इतक्यांदा ऐकली की मामी पलीकडच्या खोलीतून ओरडली, "अगं, आता माझीच होडी वर घ्या आणि झोपू द्या मला दुपारची!"

हाक पूर्ण झाली. किनाऱ्यावर खांबाला कर्णा बांधला. पुढची होडी आली तशा दोन रांगा दोराला लागल्या. मामा नेहमीच्या जागी, नाकापाशी उभा राहिला. कात्रीनं बटण दाबलं. तिला पक्की खात्री होती.

"दमली लेक, आली घरी..." कर्ण्यातून मामाचा आवाज चढावर घुमला. रांगांच्या अंगावर शहारा आला. सगळे थांबले. कर्णा थांबला. आणि लाट यायच्या आधीच कर्णा "घ्या वरी" करून पुढच्या ओळीला लागला. काहींनी ओढलं, काहींनी नाही. होडी धोंड्यासारखी जागेवर. मग लाट आली, तर दोर सैल. पुढच्या वेळी एका रांगेनं ओढलं, दुसरीनं सोडलं, होडी कुल्ल्यावर फिरली आणि शेवटचा गडी पाण्यात बसला, पाय वर.

"मामा थांबतोय खरा," तो तोंडातलं पाणी थुंकत म्हणाला, "पण कुठल्या लाटेसाठी? ती तर परवाच फुटली!"

हशा पिकला. कात्रीनं कर्णा बंद केला. आता मात्र तिचा चेहरा उतरला, कारण गड्यानं बरोबर वर्मावर बोट ठेवलं होतं. त्या दिवशीची हाक त्या दिवशीच्या समुद्रासाठी होती. आजचा समुद्र वेगळा, उद्याचा आणखी वेगळा. कर्णा कितीही गोड गायला तरी त्याला डोळे नाहीत. आणि मामाला दिलेला शब्द? मामाची हाक जाणार ती जाणारच का?

तिनं मामाकडं पाहिलं. तो कर्ण्याकडं बघतच नव्हता. पाठ रांगांकडं, तोंड समुद्राकडं, आणि त्याचा उजवा हात शेजारच्या हवेत, जणू तिथं कुणाचा तरी खांदा आहे. मोठी लाट होडीखाली शिरली, आणि त्या हातानं हवेवर थाप मारली.

"धाकटे!" कात्री ओरडली. "दोर सोड! इकडं ये आधी!"

"मी? माझी रांग..."

"रांग दाढी ओढेल. नुसता कॅमेरा धरून अंग जड झालंय त्याचं."

धाकटी हात पुसत आली. कात्रीनं तिला मामाच्या शेजारी, त्या हाताखाली उभं केलं. मामाचा तळवा लेकीच्या खांद्यावर टेकला.

"ताई, ओळी येत नाहीत मला."

"मला येतात," कात्री म्हणाली. "एकूण एक. कापताना पाठ झाल्या आणि जोडताना पक्क्या झाल्या. मी कानात सांगते, तू सोड. इंजिनावरून ओरडतेस तशी. लाज बाळगलीस तर याद राख."

"आणि थांबायचं किती?"

"ते तुला नाही ठरवायचं आणि मलाही नाही. खांद्यावर कुणाचा हात आहे?"

धाकटीनं बापाकडं पाहिलं. बापानं समुद्रावरची नजर काढली नाही, नुसता खांदा जरा दाबला. कात्री तिच्या कानाशी वाकली. आणि धाकटीनं तोंड उघडलं.

"दमली लेक, आली घरीऽऽ..."

पलीकडच्या खडकावरचे सगळे पक्षी उडाले. आवाज मामाचा नव्हता. मामाचा आवाज खाली घुमायचा, हा आवाज वर चढला, पाण्यावरून टाच आपटत गेला. पण रांगांच्या माना खाली गेल्या आणि पाय रुतले. एक लाट गेली. दुसरी गेली. कुणी हललं नाही. कात्रीनं श्वास धरला. आयुष्यात पहिल्यांदा तिला एका सपाट रेघेत पुरतं बसावं लागलं, आणि बसल्यावर तिला कळलं की ती जागा किती भरलेली असते.

लाट होडीखाली शिरली. खांद्यावर थाप पडली.

"घ्या..." धाकटी म्हणाली, आणि पुढचं सगळ्या किनाऱ्यानं पूर्ण केलं. "वरीऽऽ!"

होडी ओंडक्यावर आली, अशी, पाटावर बसायला यावी तशी.

"पाय ओले, पदर ओला..."

थाप. "घ्या वरी!"

"देवाहाती दोर दिला..."

थाप. "घ्या वरी!"

होडी चढ चढून वर टेकली तेव्हा दाढी दोरावर आडवा पडला होता आणि म्हणत होता, "कॅमेरा कुणी चालू ठेवलाय का?" ध्वनिमुद्रण करणाऱ्या पोरीनं ठेवला होता. त्या कॅमेऱ्यात तुम्हाला आजही दिसेल, होडी वर आल्यावर मामी पुढं झाली, लेकीच्या तोंडावरून हात फिरवला, आणि नवऱ्याला म्हणाली, "झालं समाधान? तुमचं बोलणं बंद झालं म्हणून मी देवाला नारळ कबूल करणार होते. आता या घरात दोन भोंगे. माझी पाळी काही येत नाही." मामाचे खांदे पुन्हा गदगदले. यावेळी मात्र मामीनं पदर तोंडाला लावला नाही, सरळ त्याच्या छातीवर डोकं टेकलं, सगळ्या वस्तीदेखत.

चित्रपट पुन्हा कापला गेला, म्हणजे पुन्हा जोडला गेला. चॅनेलच्या मोठ्या बाईंचा फोन आला.

"हे मधे मधे काहीच घडत नाही त्याचं काय? प्रेक्षक चॅनेल बदलतील."

"बाई, घडतंय," कात्री म्हणाली. "लाट येतेय. आवाज जरा मोठा करून ऐका, आणि खुर्चीचे हात धरून बसा."

पलीकडं बराच वेळ शांतता होती. कात्रीनं ती भरायला घाई केली नाही. मग बाई म्हणाल्या, "ठीक आहे. राहू द्या."

त्या किनाऱ्यावर अजून होड्या वर येतात. यंत्र अजून उघडून ठेवलेलं असतं. धाकटीला ओळी आता पाठ आहेत, तिनं स्वतःच्या दोन-चार घातल्यासुद्धा आहेत, त्यातली एक इंजिनावर आहे आणि ती इथं सांगण्यासारखी नाही. पण खांद्यावरच्या हाताशिवाय ती अजून हाक सोडत नाही. म्हणते, शिकतेय. मामा म्हणत काहीच नाही, हात ठेवतो.

बाबांनो, बायांनो, मागणं एवढंच आहे. तुम्ही कधी कुणाशी बोलत असाल आणि समोरचा मधेच गप्प झाला, तर घाईनं ती जागा भरून काढू नका. क्षणभर थांबा. त्या क्षणात त्या मामाला आठवा, समुद्राकडं तोंड करून उभा असलेला, एक शब्द न बोलता अख्खी होडी वर घेणारा. आठवा त्याला, आणि हात जोडा.